तायडे सरांच्या ट्रॅक्टरचा ड्रायव्हर

अमरावतीत राजापेठेत माझं चष्म्याचं दुकान आहे. दुकानात एक ड्रॉवर आहे. त्यात तुटक्या काड्या, सुटे स्क्रू, जोडी हरवलेल्या काचा असं सगळं पडत जातं. फेकवत नाही, आणि आवरायला बसलं तर दिवस जातो. आमच्या ग्रुपचे किस्से तसेच साचलेत. कोणी चहा पाजला की मी ड्रॉवर उपडा करतो. बायको म्हणते, "गिऱ्हाईक चष्मा न्याले येते अन् तुमी त्याले गाड्यायचे किस्से सांगत बसता!" बसतो तर बसतो! नंबर काढताना माणूस तसाही हलू शकत नाही.

तर आमचा ग्रुप चौघांचा. जुन्या विलायती खेळण्यातल्या गाड्या जमवतो. बोटभर लांब, धातूच्या ओतीव, बुडाला 'मेड इन इंग्लंड' उठवलेलं. वऱ्हाडात कुठून आल्या म्हणता? अहो, इथला कापूस विलायतेला जायचा. कापसासाठी साहेब आले, साहेबांमागे मडमा, मडमांमागे पोट्टे, आणि पोट्ट्यांच्या हातात या गाड्या! पुढे साहेब गेले, गाड्या कोणाकोणाच्या फडताळात राहून गेल्या. त्या आम्ही हुडकतो.

एक मी. दुसरा राऊत, इथलाच, फुलांचा व्यापारी. झेंडू तोलता तोलता गाड्यांचे फोटो पाहतो. तिसरे अकोल्याचे नसीमभाई, एसटीतून रिटायर झालेले मेकॅनिक. चौथे तायडे सर, तेही अकोल्याचे, जठारपेठेत राहतात, आयुष्यभर गणित शिकवलं. महिन्यातून एका रविवारी सगळे माझ्या दुकानात जमतात, कारण भिंग माझ्याकडे आहे. बाकी माझी काही लायकी नाही, हे राऊत दर रविवारी सांगतो.

आमचा नियम एकच. रंग ओरिजिनल पाहिजे. उडाला तर उडालेला पाहिजे. नवा रंग लावला की ती गाडी आमच्या लेखी वारली!

* * *

एका रविवारी राऊत डबलडेकर बस घेऊन आला. लालभडक. पुण्याहून आणली म्हणे, आणि ऐट अशी की बस त्यानंच चालवत आणली. काउंटरवर ठेवली आणि म्हणाला, "हात नाही लावायचा. डोळ्यांनी पाहा."

दुकानात भातकुली गावचे एक काका नंबर काढायला आले होते. समोरच्या तक्त्यावरचं सगळ्यात मोठं अक्षर त्यांना दिसेना. मी विचारलं, "काका, काय दिसते?" ते म्हणाले, "भिंत."

बसल्या बसल्या त्यांनी काउंटरवरची बस उचलली, उलटी केली, नाकाजवळ नेली आणि खणखणीत वाचलं, "हे तं कलकत्त्याचं हाये!"

झालं! त्याचं असं आहे, एका विलायती कंपनीनं आपले जुने साचे पुढे कलकत्त्याला विकले होते. त्याच गाड्या तिथे निघू लागल्या. दिसायला सख्ख्या बहिणी, फक्त बुडाला इंग्लंड नाही. आमचा राऊत घाईत बूड पाहायचंच विसरला होता!

राऊत माझ्यावर भडकला. "अबे, ज्याले हातभर अक्षर दिसत नाही, त्याले बरोबर हेच कसं दिसलं?"

मी म्हटलं, "भाऊ, त्यांचा दूरचा नंबर गेला आहे. जवळचं उत्तम आहे."

काका जाताना राऊतला म्हणाले, "पुढच्या येळी घेतानी मले नेत जा."

* * *

आता तायडे सरांचं सांगतो, कारण आमच्या सगळ्या धावपळीचं मूळ तिथं आहे.

सरांकडे एक विलायती ट्रॅक्टर आहे. त्यांचे वडील, आबा, एका कापसाच्या जिनिंगच्या साहेबाकडे वॉचमन होते. साहेब देश सोडून निघाला तेव्हा त्यानं आबांना तो ट्रॅक्टर दिला, पोरांसाठी. त्यांच्या गावी, बार्शीटाकळीत, तेव्हा खरा ट्रॅक्टर कोणी पाहिला नव्हता. सर सहा वर्षांचे, त्यांचे दादा नऊचे. ट्रॅक्टरवर एक सुटा ड्रायव्हर बसायचा, निळ्या सदऱ्याचा, शेंगदाण्याएवढा. पंधरा दिवसांत तो ड्रायव्हर हरवला. शेवटचे सरच त्याच्याशी खेळले होते, म्हणून आबांनी सरांना चांगला चोप दिला.

इथवर कोणाच्याही घरी होतं. पण दादांनी हा विषय कधी सोडलाच नाही. सरांच्या लग्नात, बारशाला, रिटायरमेंटला, भेटले की पहिला सवाल, "काय बे, डायवर सापडला का?"

चार वर्षांपूर्वी वहिनी गेल्या. मुलगा सुरतेला. दादा बार्शीटाकळीच्या घरी एकटे, शहात्तराव्या वर्षी हातानं भाकरी थापतात. सर दर आठवड्याला जातात आणि हात जोडतात, "दादा, चाल ना जठारपेठेत." दादा एकच बोलतात, "पयले डायवर सोधून आन, मंग येतो."

आम्ही हसलो. सर नाही हसले. त्यांनी घरची मागची खोली झाडून, खाट टाकून तयार ठेवली. कपाटं भरून वाहतात, पलंगाखाली गाड्या आहेत, पण त्या खोलीत त्यांनी एक गाडी ठेवलेली नाही! जमवणारा माणूस चार वर्षं एक खोली रिकामी ठेवतो म्हणजे काय, ते तुम्हाला कळणार नाही. आम्हाला कळलं. तेव्हापासून चौघंही ड्रायव्हर शोधून राहिलो.

* * *

मध्ये राऊतनं एक दुधाची गाडी घेतली. निळी, मागे दुधाचे कॅन. घरी नेली तर त्याची माय दारात उभी.

"नवी गाडी आली ना? मंग लिंबू कुठं हाये?"

"माय, खेळनं होय ते."

"चाकं हायेत ना? मंग गाडीच होय. लिंबाबिगर घरात येनार नाही!"

राऊतनं लिंबू आणलं. आता लिंबू गाडीपेक्षा उंच! गाडी लिंबावर ठेवली तर टेकडीवर चढल्यासारखी वर बसून राहिली. मग द्राक्ष आणलं, ते घरंगळत कोठीखाली गेलं. शेवटी मायनं उकडलेला वाटाणा चाकाखाली ठेवला आणि वरून अंगठ्यानं गाडी अशी दाबली की वाटाण्याचं पाणी चारी बाजूंनी उडालं.

राऊत ओरडला, "माय, रंग! ओरिजिनल रंग हाये त्याचा!"

मायनं हळदीकुंकवाचं बोट टपावर ओढलं आणि म्हणाली, "आता ओरिजिनल झाला."

राऊतनं ओल्या फडक्यानं सगळं पुसून काढलं. दोन दिवसांनी मांजरानं ती गाडी फळीवरून पाडली. पुढच्या बंपरचा टवका उडाला. माय दिवसभर एक शब्द बोलली नाही. फक्त राऊतच्या प्रत्येक चहासोबत बशीत एक लिंबू ठेवत गेली.

* * *

माझ्या घरचं ऐकायचं? ऐका, पण बायकोपुढे काढू नका.

मी आगपेटीएवढ्या पंचवीस गाड्यांचा एक लॉट घेतला होता. अँब्युलन्स, बंब, रोडरोलर, एकाला एक नाही. कपाटात जागा नव्हती म्हणून स्टीलच्या डब्यात भरून स्वयंपाकघराच्या फळीवर ठेवल्या. संक्रांत तोंडावर. मी दुकानात.

घरी आलो तर बायको भल्ली खूश. "यावर्षीचं वाण सगळ्यायले लय आवडलं! दरवर्षी आपल्या त्या प्लास्टिकच्या चाळण्या. यावर्षी तुमी न सांगता आनून ठेवलं, मले तं भरूनच आलं."

मी फळीकडे पाहिलं. डबा घासून पालथा ठेवलेला!

पंचवीस बायकांना हळदीकुंकू लावून, तिळगूळ देऊन, माझ्या पंचवीस विलायती गाड्या लुटल्या होत्या बाईनं! आणि वाण परत मागायची सोय आहे का आपल्यात? मी दुसऱ्या दिवशी पंचवीस चाळण्या घेऊन घरोघरी निघालो. चुकीचं वाण गेलं, बदलून द्या म्हणे. अठरा बायकांनी दिल्या. तिघींनी चाळणी ठेवून घेतली आणि गाडीही दिली नाही. तिघींच्या घरी पोट्ट्यांनी चाकं काढली होती. एकीनं सांगितलं, "ते म्या काल बडनेऱ्याले माह्या जावेच्या हळदीकुंकवात पुढं देऊन टाकलं." तो होता रोडरोलर, लॉटमधला सगळ्यात दुर्मीळ. मी दोन दिवस जेवलो नाही.

पुढच्या संक्रांतीला बायको शेजारच्या गल्लीतून हळदीकुंकू करून आली. पिशवीतून वाण काढून माझ्यासमोर ठेवलं. रोडरोलर! वर्षभर कोणत्या कोणत्या घरून फिरून आला, देव जाणे. ग्रुपमध्ये फोटो टाकला, खाली लिहिलं, 'रंग ओरिजिनल, थोडं कुंकू.'

* * *

नसीमभाईंचं वेगळंच. इंग्लंडातले एक म्हातारे गृहस्थ, पीटरकाका म्हणतो आम्ही त्यांना, आमच्यासारखेच गाड्यांचे वेडे. त्यांची आणि नसीमभाईंची दर शुक्रवारी व्हिडिओ कॉलवर तासभर गोष्ट चालते. पीटरकाकांना मराठी येत नाही, नसीमभाईंना इंग्रजी येत नाही. एकानं गाडी उलटी करून दाखवायची, दुसऱ्यानं "च् च् च्" करायचं. मी एकदा शेजारी बसून ऐकलं. दोघांचं सगळं बरोबर चाललं होतं.

एकदा नसीमभाईंनी पीटरकाकांकडे गाड्यांचे रबरी टायर मागवले. बारा नग. नेमके त्याच आठवड्यात ते भाच्याच्या लग्नाला मालेगावला गेले, मोबाइल चार्जिंगला घरीच विसरले. कुरियरवाल्याचा फोन त्यांच्या साळ्यानं, जावेदनं, घेतला.

"इंग्लंडहून बारा टायर आले आहेत. घेऊन जा."

जावेद हुशार माणूस. त्यानं लोडिंग ऑटो ठरवला, दोन हमाल घेतले, बांधायला दोर घेतला आणि गेला. तिथल्या माणसानं सही घेतली आणि एक लिफाफा हातात ठेवला.

जावेद म्हणाला, "ये तो बिल हुआ. टायर?"

तो म्हणाला, "आतच आहेत."

हमालांनी पूर्ण मजुरी मागितली. "लिफाफा हलका निंगला यात आमची काय गलती?" जावेदनं दिली. पण ऑटोचं भाडं भरलंच आहे तर वसूल करावं म्हणून त्यानं लिफाफा मागे ठेवला, दोरानं बांधला आणि स्वतः हमालांसोबत मागे बसून आला. लग्नाहून परतल्यावर नसीमभाईंनी त्याला काही विचारलं नाही. ते म्हणतात, "घर का आदमी है."

* * *

ड्रायव्हर मात्र मिळेना. ट्रॅक्टर जगात पुष्कळ, पण सुटा ड्रायव्हर कोणाकडे नाही. पोट्टे सगळ्या देशात सारखेच, पहिले तेच हरवतात.

शेवटी नसीमभाई म्हणाले, "मिलता नहीं, तो मैं बनाता." नळाच्या पितळी तोटीचा तुकडा घेतला आणि आठ दिवस कानशीनं घासला. निळा सदरा रंगवला. ट्रॅक्टरवर ठेवला तर बरोबर बसला! सर खोटं बोलायला तयार नव्हते. आम्ही म्हटलं, "सर, तुम्ही बोलूच नका. नुसता हातावर ठेवा."

बार्शीटाकळीला गेलो. दादांनी ड्रायव्हर तळहातावर घेतला, उन्हात धरला आणि दोन सेकंदांत परत दिला.

"हा आपला नोय."

"काहून?" राऊतनं विचारलं.

"याले मिशा हाये."

आम्ही सगळे नसीमभाईंकडे पाहू लागलो. ते म्हणाले, "तीस साल सर्विस किया भाई. बिना मूँछ का ड्रायव्हर मैंने देखाच नहीं!"

दादा पोट धरून हसले. परत निघालो. अकोला आलं तेव्हा सर म्हणाले, "हाताला फोड आला होता दादाच्या. तव्याचा." मला फार वाईट वाटलं.

* * *

आणि मागच्या महिन्यात पीटरकाकांनी खरा ड्रायव्हर पाठवला! त्यांच्याकडचा एक ट्रॅक्टर पार झिजून भुगा झाला होता, त्याचा ड्रायव्हर शाबूत निघाला. निळा सदरा, मिशा नाहीत, रंग ओरिजिनल. सरांनी आम्हाला लगेच फोन केला. मी दुकान बंद केलं, राऊतनं फुलांचा वजनकाटा मायच्या हवाली केला, आणि सकाळीच अकोला गाठलं. नसीमभाईंच्या गाडीत चौघं बार्शीटाकळीला गेलो.

दादा अंगणात खाटेवर बसून तुरीच्या शेंगा सोलत होते. "जय भीम" झालं, पाणी झालं. सरांनी रुमाल उघडला.

"दादा, पाह्य. सापडला."

मी भिंग दिलं. दादांनी खूप वेळ पाहिलं. इतका वेळ की राऊतनं माझा हात धरला.

"चांगला हाये," दादा म्हणाले. "पन हा तो नोय."

सर उठूनच उभे राहिले. "दादा, तोच कारखाना, तोच सदरा, तेच माप! आता अजून काय आनू? नसन यायचं तं सरळ सांग ना बापा! म्या खोली झाडून ठेवली चार वर्सापासून..." हजारो पोरांना गणितात रडवलेला माणूस, अंगणात उभा राहून रडत होता.

दादांनी शेंगांचं सूप बाजूला सारलं. घरात गेले. बाहेर आले तेव्हा हातात एक मोठा खाकी लिफाफा होता.

"गेल्या पंधरवड्यात पोट दुखलं तं दवाखान्यात गेलो होतो. त्याइनं फोटो काढला."

नसीमभाईंनी एक्स-रे घेतला आणि सूर्याकडे धरला. आम्ही चौघं खाली डोकं घालून पाहू लागलो. बरगड्या दिसल्या. मणके दिसले. उजव्या अंगाला, खाली, कमरेच्या हाडाच्या जरा वर, शेंगदाण्याएवढा एक माणूस बसला होता. ताठ. दोन्ही हात पुढे, स्टिअरिंग धरल्यासारखे.

मी भिंग लावलं. मिशा नव्हत्या.

दादा खाली पाहून बोलत होते. "डाक्टर मने, हे काय होय? मी मनलं, डायवर होय. त्यानं माहा बीपी दोनदा पाह्यला. दुखनं त्याचं नोय मने, गॅसचं होय." मग खाटेवर टेकले. "तू खेळत होता तं मीच उचलला होता. तोंडात लपवला. आबा आले अन् भेवानं गिळला. आबानं तुले मारलं, म्या तोंड नाही उघडलं. रोज वाटे उद्या सांगू. तुले इचारत राहो, सापडला का, सापडला का, वाटे तूच एखाद्या दिवशी मनशीन, दादा, तुयं तं नोय ना काम हे? तू कधी मनलंच नाही. आता तुया घरी येऊन तुया ताटात कोन्त्या तोंडानं जेवू?"

सरांनी डोळे पुसले. खिशातून पट्टी काढली. एक्स-रेवर लावली, मग विलायतेहून आलेल्या ड्रायव्हरला लावली. दोनदा मोजलं.

"दादा, शर्त काय होती?"

"डायवर सापडला तं येतो."

"सापडला?"

दादांनी एक्स-रेकडे पाहिलं. "सापडला."

"मंग कुलूप लाव."

दादा आत गेले. एक थैली, एक काठी, आणि सोललेल्या तुरीचं सूप तसंच हातात. कुलूप लावलं, दोनदा ओढून पाहिलं. नसीमभाईंनी पुढचं दार उघडलं, दादा पुढे बसले. आम्ही तिघं मागे. सरांनी एक्स-रे मांडीवर आडवा धरला होता, वाकू नये म्हणून.

गाव मागे पडलं. राऊत सारखा चुळबुळत होता. शेवटी त्याला राहवलं नाही. पुढे वाकून त्यानं हळूच विचारलं,

"काका, रंग ओरिजिनल असंन का हो?"

दादांनी पोटावरून हात फिरवला.

"मंग! कोनं हात लावला त्याले?"